बाप्तिस्म्याच्या वचनाची किंमत

(धर्मग्रामाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त भरलेल्या सभेंत दिलेलें व्याख्यान)



आपल्या देवळाच्या बांधणीची आणि पूर्वीच्या धर्मगुरूंच्या परिश्रमांची कथा सांगण्यास माझ्याहून अधिकारी अशीं वडील माणसें या सभेंत बसलीं आहेत. तें काम त्यांच्यावर सोंपवून मी आज एका दूरदेशीच्या गृहस्थाची हकीकत आपणांपुढें मांडणार आहें. ते आपल्या पंथाचे नाहींत; परंतु त्यांच्या आयुष्यांतील अत्यंत कठीण निर्णय एका बालकाच्या बाप्तिस्म्याच्या वेळीं झाला, म्हणून ती हकीकत येथें सांगणें अप्रस्तुत होणार नाहीं.

या गृहस्थांचें नांव स्टुअर्ट कौच. अमेरिकेच्या मरीन सैन्यांत ते प्रथम वैमानिक होते, आणि पुढें कायद्याचा अभ्यास करून त्याच सैन्याचे वकील झाले. लष्करी न्यायालयांत आरोप ठेवणारा, बचाव करणारा आणि निवाडा देणारा असे तिघेहि बहुधा गणवेश धारण करणारेच असतात. ज्याच्या शब्दावर आपली बढती अवलंबून आहे, त्याच वरिष्ठाला प्रसंगीं ‘नाहीं’ म्हणण्याची पाळी अशा वकिलावर येते. १९९८ सालीं इटलींतील कावालेसे येथें एका अमेरिकन मरीन विमानानें फार खालून उडतांना तारेवरील पाळण्याची तार तोडली व २० माणसें मृत्युमुखीं पडलीं. त्या वैमानिकावरील खटल्यांत सरकार पक्षाच्या वकिलांमध्यें कौच होते. मनुष्यवधाच्या आरोपांतून तो वैमानिक सुटला. स्वतः वैमानिक असूनहि वैमानिकाविरुद्ध उभें राहण्याचा धडा त्यांस तेथें मिळाला.

११ सप्टेंबर २००१ रोजीं न्यूयॉर्कच्या दक्षिण मनोऱ्यावर जें विमान आदळविण्यांत आलें, त्याचे सहवैमानिक मायकेल हॉरॉक्स हे कौच यांचे मरीन सैन्यांतील जुने स्नेही होते. मित्राच्या मृत्यूनें व्यथित झालेले कौच पुन्हां सैनिकी सेवेंत आले, आणि २००३ सालीं ग्वांतानामो येथील बंदिवानांवर खटले चालविणाऱ्या कचेरींत रुजू झाले. त्यांच्या हातीं जें प्रकरण आलें, तें मॉरिटानिया देशाच्या मोहमेदू ऊल्द स्लाही यांचें. हल्ला करणाऱ्या कांहीं तरुणांस त्यांनींच त्या मार्गास लावलें, असा आरोप होता, आणि हॉरॉक्स ज्या विमानांत मेले तें चालविणारा मनुष्य त्या तरुणांपैकींच एक होता. मित्राच्या रक्ताचा जाब विचारण्याची संधि याहून सरळ ती कोणती असणार?

परंतु कागदपत्रें पाहूं लागतांच कौच यांच्या मनांत शंका आली. कैदी एकाएकी भरभरून बोलूं लागला होता. त्याचें कारण शोधतां शोधतां त्यांस समजलें कीं, त्याला मारहाण झाली होती, दिवसचे दिवस झोंप घेऊं दिली नव्हती, मृत्यूची भीति घालण्यांत आली होती, आणि त्याच्या आईलाहि धरून तेथें आणण्यांत येईल, अशा अर्थाचें बनावट पत्र त्याला दाखविण्यांत आलें होतें. छळ करून घेतलेला जबाब पुराव्यांत वापरूं नये, असा १९८४ चा आंतरराष्ट्रीय करार आहे आणि अमेरिकेनें तो १९९४ सालीं मान्य केलेला आहे. कायद्याची वाट स्पष्ट होती. पण मनुष्याचें मन केवळ कायद्यानें वळत नाहीं. मित्राचा चेहरा डोळ्यांपुढून हलत नव्हता.

अशा अवस्थेंत एका रविवारीं ते उपासनेस गेले असतां तेथें एका बालकाचा बाप्तिस्मा होता. त्या चर्चच्या विधींत जमलेल्या सर्वांस एक प्रश्न विचारतात: प्रत्येक मानवाच्या प्रतिष्ठेचा मान राखण्याचें वचन तुम्ही देतां काय? इतरांबरोबर कौच यांनींहि होकार दिला, आणि तो उच्चारतांच त्यांस उमगलें कीं, ‘प्रत्येक’ या शब्दांतून ग्वांतानामोच्या त्या कैद्याला वगळतां येत नाहीं. २००४ च्या मे महिन्यांत त्यांनीं आपल्या वरिष्ठांस सांगितलें कीं, कायद्याच्या आणि नीतीच्या दृष्टीनें हा खटला मी चालविणार नाहीं. २००७ सालीं या विषयीं अमेरिकन काँग्रेसच्या समितीपुढें साक्ष देण्याची परवानगी त्यांस संरक्षण खात्यानें दिली नाहीं. स्लाही यांच्यावर कधींच खटला भरला गेला नाहीं. त्यांनीं तुरुंगांत लिहिलेली दैनंदिनी २०१५ सालीं प्रसिद्ध झाली, आणि चौदा वर्षांहून अधिक बंदिवासानंतर ऑक्टोबर २०१६ मध्यें ते मायदेशीं परतले.

बंधूंनो, व्याख्यान येथें संपविलें असतें तर तें गोड झालें असतें. पण तें अर्धें सत्य ठरलें असतें. कौच पुढें नौदल व मरीन सैन्याच्या अपील न्यायालयाचे न्यायाधीश झाले, आणि २०१० सालीं शार्लट शहरांत परदेशांतून आलेल्या लोकांचीं प्रकरणें ऐकणारे न्यायाधीश म्हणून नेमले गेले. तेथें आश्रय मागणाऱ्यांपैकीं फार थोड्यांसच तो देणारे, अशी त्यांची ख्याति झाली. एल साल्वादोर देशाची एक स्त्री नवऱ्याच्या अनेक वर्षांच्या मारझोडीस कंटाळून पळून आली होती. तिचा अर्ज त्यांनीं नाकारला. अपील मंडळानें तो निर्णय २०१६ सालीं फिरविला. २०१८ सालीं अ‍ॅटर्नी जनरलनीं मंडळाचा निवाडा रद्द केला. आणि २०२१ सालीं दुसऱ्या अ‍ॅटर्नी जनरलनीं तो रद्द करणारा निर्णयहि मागें घेतला. स्वतः कौच यांची २०१९ सालीं त्याच अपील मंडळावर नेमणूक झाली.

ज्यानें शत्रूची प्रतिष्ठा राखली, त्याच्या दारीं आलेल्या दुर्बळांस रिक्त हस्तें कां परतावें लागलें, असें कित्येकांनीं विचारलें. उलट, न्यायाधीशाला आपल्या दयेचा नव्हे तर कायद्याचा अर्थ लावावा लागतो, असेंहि म्हणणारे आहेत. त्यांच्या अंतःकरणाचा निवाडा करण्याचा अधिकार मला नाहीं, आणि त्यांच्यापुढील कागद मीं वाचलेले नाहींत. मला त्यांतून दिसतें तें एवढेंच कीं, एकदां मोठ्या किंमतीनें पाळलेलें वचन दुसऱ्या दिवसासाठीं आपोआप पाळलें जात नाहीं. तोच प्रश्न निराळा चेहरा घेऊन पुन्हां दाराशीं येतो.

या देवळांतील जलकुंडाशीं उभा राहून मीं पुष्कळ आईबापांस व धर्ममातापित्यांस प्रश्न विचारले आहेत आणि ठसठशीत होकार ऐकले आहेत. त्या वेळीं बाळ रडत असतें, घरीं जेवणाची तयारी चाललेली असते, आणि होकार सहज निघून जातो. त्याची किंमत पुढें मागितली जाते: भावाशीं बांधाचा तंटा असतो तेव्हां, पंचांपुढें खोटी साक्ष दिल्यानें आपला पक्ष जिंकणार असतो तेव्हां, ज्यानें आपलें वाईट केलें तो आपल्या हातीं सांपडतो तेव्हां. महोत्सवाच्या दिवशीं देवळाला रंग देणें उचितच आहे. पण येथें दिलेलें जें वचन आपण विसरलों असूं, तें आठवून ज्याला आपण त्यांतून वगळलें आहे त्या एका माणसाचें नांव आज रात्रीं झोंपण्यापूर्वीं मनांत घेतलें, तर हा महोत्सव खरोखर साजरा झाला असें मी समजेन.

परमेश्वर आपणां सर्वांस तें बळ देवो.