सत्ता कुठे राहते? जयपूर आणि कोपरगावची चार पुस्तके

जयपूरच्या बनी पार्कात सत्तेच्या दोन पिढ्या शेजारी शेजारी नांदतात. एका बाजूला जिल्ह्याचे कलेक्टर कार्यालय, आणि त्याच्या आसपासच्या रस्त्यांवर जुन्या ठिकाणेदारांच्या, म्हणजे जागिरदारांच्या, कोठ्या. त्यांतल्या कित्येक आता हॉटेले झाल्या आहेत. १९५२च्या कायद्याने राजस्थानातल्या जागिरी सरकारकडे आल्या आणि महसुलाचा हक्क संपला. माणसे मात्र संपली नाहीत. ती निवडणुकीला उभी राहिली, सैन्यात गेली, पर्यटनाच्या धंद्यात उतरली. राज्यशास्त्राच्या ज्या पुस्तकांबद्दल आज बोलायचे आहे, त्यांचा मुख्य प्रश्न हाच आहे: जुनी सत्ता जाते म्हणजे नेमके काय जाते?

१९५६ साली लॉइड आणि सुझान रुडॉल्फ हे तरुण अमेरिकन जोडपे लंडनहून लँड रोव्हर चालवत खुष्कीच्या मार्गाने भारतात आले. त्या काळी विकासाचा विचार करणाऱ्या विद्वानांत एक समजूत पक्की होती. परंपरा मागे टाकल्याशिवाय समाज आधुनिक होत नाही, असे ते मानत. डॅनियल लर्नर यांच्या १९५८च्या पुस्तकाच्या नावातच पारंपरिक समाजाचे मावळणे होते. रोस्टो यांनी १९६०मध्ये आर्थिक वाढीच्या पायऱ्याच आखून दिल्या. रुडॉल्फ दांपत्याला भारतात वेगळे दिसले. तमिळनाडूत नाडार आणि वन्नियार यांनी जातीच्या सभा स्थापून शाळा काढल्या, मतांची ताकद उभी केली, आणि सरकारदरबारी आपला दर्जा बदलून घेतला. इथे जात ही आधुनिक राजकारणाची वाट बनली होती. हा विचार त्यांनी १९६७च्या ‘द मॉडर्निटी ऑफ ट्रॅडिशन’मध्ये मांडला.

मराठी माणसाला हे नवे वाटायला नको. शाहू महाराजांनी १९०१मध्ये कोल्हापुरात मराठा विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह सुरू केले आणि त्यामागोमाग इतर जातिधर्मांची वसतिगृहे आली. जातीच्या नावाने उघडलेल्या त्या दारातून खेड्यातली मुले वकिलीत, नोकरीत आणि कायदेमंडळात पोचली.

राजस्थानात रुडॉल्फ दांपत्याने राजपुतांचाच अभ्यास केला. १९५५-५६च्या भूस्वामी आंदोलनात छोटे राजपूत जमीनधारक बड्या जागिरदारांपासून वेगळे होऊन रस्त्यावर आले होते. बाहेरून एकसंध दिसणाऱ्या जातीत किती थर असतात, हे त्यातून उघड झाले. पुढे जयपूर हे रुडॉल्फांचे दुसरे घर झाले. इथेच त्यांच्या हाती कानोत्याच्या अमरसिंहांची रोजनिशी आली. १८९८पासून १९४२पर्यंत, मृत्यूपर्यंत, हा राजपूत अधिकारी इंग्रजीत लिहीत होता. एकूण ८९ खंड भरले. चीनमधली मोहीम, पहिल्या महायुद्धातली फ्रान्सची आघाडी, गोऱ्या अधिकाऱ्यांचे वागणे आणि हवेलीतल्या मोठ्या कुटुंबाचे रुसवेफुगवे, सारे त्यात आहे. मोहनसिंह कानोता यांच्यासोबत रुडॉल्फांनी त्यातल्या पहिल्या सात वर्षांचा भाग ‘रिव्हर्सिंग द गेझ’ या ग्रंथात आणला. साम्राज्याबद्दल साहेबांनी लिहिलेले पुष्कळ आहे; साम्राज्याच्या चाकरीत राहून साहेबांना रोज न्याहाळणाऱ्या माणसाचे इतके सलग लेखन फार दुर्मीळ. या दांपत्याला २०१४मध्ये पद्मभूषण मिळाले, ते योग्यच झाले.

जुन्या सत्तेचे जयपूर पाहिले; आता नव्या सत्तेचे कोपरगाव. महाराष्ट्रातल्या सत्तेवर सगळ्यात रसाळ पुस्तक एका साखर कारखान्यातून निघाले. प्रवरेला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी उभारलेल्या सहकारी कारखान्याचे गाळप १९५०च्या अखेरीस सुरू झाले. मग नगर जिल्ह्यात धुराडी वाढत गेली. समाजशास्त्रज्ञ बी. एस. बाविस्कर यांनी कोपरगावच्या कारखान्याचा अभ्यास केला आणि त्यावरचे ‘द पॉलिटिक्स ऑफ डेव्हलपमेंट’ १९८०मध्ये प्रसिद्ध झाले. संचालक मंडळाची निवडणूक म्हणजे गट, सोयरीक, गावकी आणि भावकी यांची कसोटी. सहकारात राजकारण शिरले की संस्था बुडते, हे वाक्य तेव्हाही घरोघरी ऐकू यायचे. बाविस्करांनी जागेवर बसून पाहिले आणि निष्कर्ष वेगळा काढला. ऊस पिकवणाऱ्या प्रत्येक सभासदाला भाव हवा असतो, ऊस वेळेवर तोडला जावा असे वाटते. त्यामुळे गट कितीही भांडले तरी कारखाना नीट चालवण्याचा दबाव त्यांच्यावर राहतो. विरोधी गटाची नजर हीच तिथे हिशेबाची राखण करते.

हे पटते, पण अर्धेच. कॅनडातल्या क्वीन्स विद्यापीठात शिकवणाऱ्या जयंत लेले यांनी १९८१च्या ‘एलिट प्लुरलिझम अँड क्लास रूल’मध्ये याच गटबाजीकडे दुसऱ्या टोकाने पाहिले. पुढारी आपसात कडाक्याने लढतात, पक्ष बदलतात, एकमेकांना पाडतात. या चुरशीमुळे लोकशाही भरभरून नांदते आहे असे वाटते. सत्ता मात्र मोठ्या जमिनीच्या मराठा घराण्यांच्या वर्तुळातच फिरत राहते, आणि जिरायती शेतकरी, दलित, शेतमजूर त्या वर्तुळाबाहेर उभे असतात. बाविस्करांचा हिशेब सभासदांचा आहे. बीड आणि नगरच्या दुष्काळी पट्ट्यातून कोयता घेऊन सहा महिने पालावर राहणारे तोडणी कामगार त्या सभासदांत येत नाहीत. ज्याच्या नावावर शेअर नाही, त्याचा दबाव संचालक मंडळापर्यंत पोचत नाही.

म्हणून विकासावरचे कोणतेही पुस्तक हाती घेताना लेखक कुठे बसून लिहितो आहे हे आधी पाहावे. रोस्टो यांची मांडणी दूरवरून केलेली होती. रुडॉल्फ लँड रोव्हरमधून उतरले आणि वर्षानुवर्षे परत येत राहिले. बाविस्कर कारखान्याच्या फाटकापर्यंत गेले. फडातल्या तोडणी कामगारांच्या कोपीवरून पाहिले तर हाच कारखाना कसा दिसतो, हे सांगणाऱ्या तितक्याच भरदार अभ्यासाची गरज आहे, आणि तो मराठीत लिहिला गेला तर कोपरगावच्या वाचनालयात तो पहिल्यांदा मागायला येणाऱ्यांत तोडणी कामगारांची शिकलेली मुले असतील.