आपला वेळ आणि आनापानसती
(विहाराच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मागच्या आठवड्यात आपल्याच चाळीतल्या एका मुलाने मला विचारले, "काका, ध्यान केलं की काळावर ताबा मिळतो का हो? मागचं-पुढचं सगळं दिसतं म्हणतात." मी म्हटले, बाळा, असे सांगणारा कोणी भेटला तर आधी आपला खिसा सांभाळ! भविष्य सांगून पोट भरणे ही तथागतांनी भिक्खूंसाठी मिथ्या आजीविका ठरवली आहे. पण त्या मुलाचा प्रश्न काही माझ्या डोक्यातून जाईना. कारण काळावर ताबा कोणाचा, हा तर आपल्या गिरणगावाचाच प्रश्न आहे.

आपल्या वाडवडिलांचा वेळ त्यांच्या हातात कधी होता? गिरणीचा भोंगा झाला की उठायचे, भोंगा झाला की पळायचे. जेवणे, झोपणे, मुलांशी बोलणे, सगळे पाळीप्रमाणे. १८ जानेवारी १९८२ रोजी संप सुरू झाला. माझे वडील रिंग खात्यात कामाला होते. गिरणी बंद, तरी ते पहाटेच उठायचे, आंघोळ करून, शर्ट घालून चाळीच्या गॅलरीत बसायचे. दिवसभर दोनच विषय. संपाआधी कसे होते, आणि गिरणी कधी चालू होणार. मालकाची पाळी सुटली, पण स्वतःचा वेळ काही हातात आला नाही. किती घरांत त्या रिकाम्या वेळेत बाटली शिरली, हे इथल्या माताभगिनींना मी सांगायला नको. खोटे कशाला बोलू, सहा महिने मीही त्या वाटेने गेलो होतो.

त्यातून बाहेर काढले एका वृद्ध भन्तेजींनी. त्यांनी उपदेश केला नाही. म्हणाले, "रोज वंदनेनंतर दहा मिनिटं माझ्याजवळ बस." त्यांनी शिकवली ती आनापानसती. आन म्हणजे आत येणारा श्वास, अपान म्हणजे बाहेर जाणारा, आणि सती म्हणजे जागरूकता. मज्झिम निकायात या नावाचे सुत्तच आहे आणि त्यात सोळा पायऱ्या सांगितल्या आहेत. आपल्याला पहिली पायरी जमली तरी पुष्कळ झाले. पाठ ताठ ठेवून बसायचे, डोळे मिटायचे आणि नाकाशी येणारा-जाणारा श्वास नुसता बघायचा. लांब असेल तर लांब, आखूड असेल तर आखूड. मुद्दाम काही करायचे नाही.

आणि मग काय होते बघा! मन दोन श्वाससुद्धा थांबत नाही. एकदा कालच्या भांडणात जाते, एकदा उद्याच्या भाड्यात. पण श्वास कालचा घेता येत नाही आणि उद्याचा आज घेता येत नाही. म्हणून मन पळाले की रागवायचे नाही, परत श्वासावर आणायचे. शंभर वेळा पळाले तर शंभर वेळा. हाच सगळा अभ्यास आहे. भद्देकरत्त सुत्तात भगवंतांनी हेच समजावले आहे. गेले ते गेले, येणारे अजून आले नाही, तेव्हा आजचे काम आज करा. हाच काळावरचा ताबा. वडील १९८४ साली वारले. त्यांच्या शेजारी असे दहा मिनिटे बसायला कोणी नव्हते, ही खंत माझ्या मनात आहे.

ज्यांना पुढे जायचे आहे त्यांच्यासाठी इगतपुरी लांब नाही. सत्यनारायण गोयंका गुरुजी ब्रह्मदेशातून आले आणि १९६९ च्या जुलै महिन्यात त्यांनी भारतातले पहिले शिबिर आपल्या मुंबईतच, एका धर्मशाळेत घेतले. दहा दिवसांच्या त्या शिबिरातही पहिले तीन दिवस नुसता श्वासच बघायचा असतो.

आता आपले काही कार्यकर्ते म्हणतात, "डोळे मिटून बसाल तर मोर्चा कोण काढणार?" त्यांचे म्हणणे मी धुडकावत नाही. वेळ नुसत्या ध्यानाने मिळत नाही, तो लढूनही मिळवावा लागतो. परमपूज्य बाबासाहेबांनी मजूर मंत्री असताना कारखाना कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले आणि १९४६ साली आठवड्याचे कामाचे तास ५४ वरून ४८ झाले. सहा तास कामगाराला परत मिळाले! पण त्या तासांचे काय करायचे, हे कायदा सांगत नाही. परळच्या एका खोलीत रामजीबाबा रात्री दोनपर्यंत जागत, मग भीमाला उठवत आणि त्याच्या जागेवर आपण आडवे होत. जागा एकाचीच होती, तरी बाप-लेकाने वेळ वाटून घेतला. भोंगा नव्हता, मालक नव्हता, तरी तो मुलगा पहाटेपर्यंत वाचत बसे. हाच अप्रमाद.

आज भोंगे बंद झाले, पण खिशातला मोबाईल दर पाच मिनिटांनी भोंगा वाजवतो आणि आपण धावतो. म्हणून माझी एकच विनंती आहे. उद्या सकाळी उठल्यावर मोबाईलला हात लावण्याआधी दहा मिनिटे बसा. मुलांना शेजारी बसवा. दर पौर्णिमेला वंदनेनंतर आपण सर्वांनी विहारात वीस मिनिटे एकत्र बसू या. आणि घरात कोणी नुसते गॅलरीत बसून राहिलेले दिसले, तर त्याला उपदेश करू नका. त्याच्याजवळ जाऊन बसा.

एवढे बोलून मी आपली रजा घेतो. नमो बुद्धाय! जयभीम!