अडलं नेमकं कुठं?



कोपरा गुण्यात आहे का, हे गवंडी कसं पाहतो? एका बाजूला ३ फूट मोजतो, दुसऱ्या बाजूला ४, आणि तिरकं माप बरोबर ५ भरतं का बघतो. तीनाचा वर्ग ९, चाराचा १६, बेरीज २५, पाचाचा वर्ग. आता वर्गाऐवजी घन घ्या. दोन पूर्ण संख्यांच्या घनांची बेरीज तिसऱ्या संख्येचा घन होईल? शून्य सोडलं तर कधीच नाही, आणि त्यावरच्या कुठल्याही घातालाही नाही, असं फर्मा या गणितज्ञानं १६३७च्या सुमारास एका पुस्तकाच्या समासात लिहिलं. सिद्धता आहे, पण समासात मावत नाही, अशी वर पुस्ती! पुढं साडेतीनशे वर्षं भलेभले त्यात गुंतून पडले.

अँड्र्यू वाइल्सना हे कोडं दहाव्या वर्षी केंब्रिजच्या वाचनालयात भेटलं. मोठेपणी, १९८६पासून सात वर्षं, घराच्या माळ्यावर बसून त्यांनी ते जवळजवळ गुपचूप सोडवलं. २३ जून १९९३ला केंब्रिजमध्येच त्यांनी सिद्धता जाहीर केली. जगभर गाजावाजा झाला. आणि तपासणीत चूक सापडली.

आमच्या शाळेत कच्ची वही असे आणि पक्की. गुरुजी पक्की तपासायचे. खोडलेली गणितं कच्च्या वहीत राहायची आणि वर्षअखेरीला रद्दीत जायची. उत्तर का चुकलं, हे तिथंच लिहिलेलं असायचं, पण ते कोण वाचतो!

वाइल्सना वाचावं लागलं. रिचर्ड टेलर हा त्यांचा जुना विद्यार्थी मदतीला आला, तरी वर्ष उलटलं आणि चूक हटेना. हार मानायच्या बेतात असताना, १९ सप्टेंबर १९९४च्या सकाळी, ते वेगळाच प्रश्न घेऊन बसले. सुटत नाही तर नाही. पण का सुटत नाही, एवढं तरी कळू दे. ते कारण उलगडता उलगडता त्यांना तीन वर्षांपूर्वी टाकून दिलेली, इवासावा या गणितज्ञांची पद्धत आठवली. ती एकटी लंगडी होती, सिद्धतेतली ही नवी पद्धतही लंगडी. पण हिचं जिथं अडत होतं, तिथंच तिचा टेकू बसत होता.

त्या दिवशी ते गणित विभागात नुसते फिरत राहिले. मधूनमधून टेबलाशी येऊन बघत, ते उत्तर अजून तिथं आहे ना.

होतं.