नातीचं नाव पालवी

कुणी भाकरी थापता थापता ऐकत असाल, कुणी शेळ्या बांधून आत्ताच ओट्यावर टेकला असाल. दर वेळी मी आले की बचत, व्याज, हप्ता हेच बोलते. आज ते नाही. आज मी एका नावाबद्दल बोलणार आहे. नाव आहे पालवी.

गेल्या दोन-तीन वर्षांत मी ज्या गावांत गटाच्या बैठका घेते, तिथल्या दोन पाळण्यांत मी हे नाव ऐकलं. एका बारशाला तर मी स्वतः होते. त्या बारशाची गोष्ट सांगायची म्हणूनच मी आजचा विषय मागून घेतला. पण आधी नावाविषयी.

पालवी म्हणजे झाडाला नव्यानं फुटलेली कोवळी पानं. हे तुम्हाला कुणी सांगायला नको. संस्कृतात कोवळ्या पानाला पल्लव म्हणतात. त्यावरून पल्लवी हे नाव आलं. माझ्या वर्गात दोन पल्लवी होत्या, तुमच्याही ओळखीत एखादी असेलच. पालवी हा त्याच घरातला शब्द, पण तो आपल्या मराठीच्या तोंडात रुळलेला. पल्लवी पुस्तकातून आली आणि पालवी बांधावरून आली असं म्हणा. जुन्या मराठीत लुगड्याच्या पदरालाही पालव म्हणतात. म्हणजे झाडाचं कोवळं पान आणि आईचा पदर, दोन्ही या नावाच्या जवळपास आहेत. बी.ए.ला मला मराठी विषय होता. पालव म्हणजे पदर हे तेव्हा कळलं आणि अजून लक्षात आहे.

आता कुणी म्हणेल, ही आजकालची नवी फॅशन, झाडापानांची नावं. फॅशन नवी असेल, पण पद्धत जुनीच आहे. आपल्या आज्या-पणज्यांची नावं आठवा. तुळसा, शेवंता, चंपा, गुलाब. गंगू, गोदा, कृष्णा ही तर नद्यांची नावं. पुढच्या पिढीत कमल, कुसुम, सुमन आल्या. कुसुम म्हणजे फूल, सुमन म्हणजेही फूल. मग सुनीता, संगीता, अनिता यांचा जमाना आला आणि झाडंपानं जरा मागं पडली. आता सायली, जुई, केतकी, अवनी, पालवी अशी नावं पुन्हा ऐकू येतात. आपण नवीन काही करत नाही, आजीच्याच वाटेनं परत आलोय.

या नावाची ओढ का वाटते, ते कळायला फाल्गुन-चैत्रात आपल्या माण-खटावच्या रानात उभं राहावं लागतं. जमीन भेगाळलेली, विहिरीचा तळ दिसायला लागलेला, वरून ऊन. गवत कधीच वाळून गेलेलं. आणि त्याच दिवसांत पिंपळाला तांबूस, तुकतुकीत पानं फुटतात. लिंबाला फुटतात, करंजाला फुटतात. आंब्याची पालवी तर आधी तांबडी-जांभळी दिसते आणि मग हळूहळू हिरवी होते. पाऊस यायला अजून दोन-अडीच महिने असतात. तरी झाड थांबत नाही. मुळं खोल गेलेली असतात, खोडात ओल साठवलेली असते, तेवढ्या भांडवलावर ते नवी पानं काढतं.

कोवळी पानं तांबडी का असतात, हेही सांगते. पान नवं असताना त्यात हिरवा रंग पुरता भरलेला नसतो. तांबडा रंग त्या कोवळ्या पानाचं कडक उन्हापासून रक्षण करतो. किडीपासूनही त्याचा बचाव होतो असं अभ्यासक म्हणतात. पान जून झालं, त्याला बळ आलं, की तो रंग उतरतो. बाळाला आपण दुपट्यात गुंडाळतो ना, तसंच समजा. पाडव्याला आपण गूळ घालून जी लिंबाची पानं खातो, तीही कोवळीच घेतो.

तर आता बारशाची गोष्ट.

आमच्या एका गटात एक मावशी आहेत. साठी ओलांडलेली आहे. त्यांचं नाव मी इथं घेणार नाही. कागदावर ते नाव आहे, पण हाक मारलेली त्यांना आवडत नाही. त्या नावाचा अर्थ नको असलेली. आता तुमच्या लक्षात आलं असेल. आपल्या भागात हे नाव परकं नाही. तीन मुलींच्या पाठीवर चौथी झाली, की तिचं नाव असं ठेवायचं, म्हणजे देव पुढचा मुलगा देतो, अशी समजूत. मावशी चौथ्या. त्यांच्या पाठीवर भाऊ झाला. त्यामुळं घरातल्यांची खात्रीच पटली की नावाचा गुण आला.

तुमच्यापैकी काहींना आठवत असेल, २०११ सालच्या ऑक्टोबर महिन्यात साताऱ्यात अशा नावाच्या २८५ मुलींची नावं एका कार्यक्रमात बदलली. जिल्हा परिषदेनं पुढाकार घेतला होता. मुलींनी आपापल्या आवडीची नावं घेतली. कुणी देवीचं घेतलं, कुणी सिनेमातल्या नटीचं. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांच्या आतल्या हजार मुलग्यांमागं ८९४ मुली होत्या. दहा वर्षांपूर्वी त्या ९१३ होत्या. मी तेव्हा कॉलेजात होते. वर्तमानपत्रात मुलींचा फोटो बघून आम्हाला फार आनंद झाला. पण मावशीसारख्या बायका तेव्हा संसारात बुडालेल्या, त्यांना कोण विचारणार? त्यांचं नाव तसंच राहिलं.

गेल्या फाल्गुनात मावशींच्या सुनेला दुसरी मुलगी झाली. मी दोन दिवसांनी भेटायला गेले. घर गप्प होतं. मोठ्या नातीच्या वेळी जिलेबी वाटली होती, या वेळी ती कुणी आणली नव्हती. सून भिंतीकडं तोंड करून पडलेली. शेजारच्या एक काकू आल्या होत्या. चहा पिता पिता अगदी सहज म्हणाल्या, "हिचं नाव सासूचंच ठेवा की. तिसऱ्या खेपेला नक्की मुलगा."

त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं. त्यांना तो उपायच वाटत होता. पण मी मावशींकडं बघितलं. त्या शेळीला पाला घालत दारात बसल्या होत्या. उठल्या, आत आल्या, बाळ उचलून घेतलं आणि म्हणाल्या, "माझं नाव माझ्याबरं जाऊ द्या. हिला त्ये लागायचं न्हाई."

एवढंच बोलल्या. पण मग घरात नावाची शोधाशोध सुरू झाली. मुलगा मोबाइलवर नावं काढून वाचायचा. एकाही नावाचा अर्थ त्याला सांगता येत नव्हता, आणि मावशींच्या पुढच्या दातांमुळं अर्धी नावं त्यांना उच्चारता येत नव्हती. त्या चिडून म्हणाल्या, "ज्या नावानं मला नातीला हाक मारता येत न्हाई, त्ये काय कामाचं?" मैत्रिणींनो, मला हे फार पटलं. नाव छापायला असतं, तसं ते दारातून हाक मारायलाही असतं.

पालवी हे नाव शेवटी मावशींनीच सुचवलं. मी विचारलं, कसं सुचलं? तर म्हणाल्या, "आवं म्याडम, शेळ्या राखती मी. फाल्गुनात रानात खायला काय नसतं. येकाद्या झाडाला पालवी फुटली की शेळ्या लांबनं वळखत्यात, पळत सुटत्यात. ही पोरगी त्याच दिसांत आली." गटाच्या कर्जातून त्यांनी पहिल्या दोन शेळ्या घेतल्या होत्या, आता सात आहेत. त्यांच्या जगण्यातलाच हा शब्द. अर्थ सांगायला त्यांना मोबाइल लागला नाही.

बाराव्या दिवशी बारसं झालं. आत्यानं बाळाच्या कानात नाव सांगितलं, बायकांनी आत्याच्या पाठीत धपाटे घातले. सुनेनं त्या दिवशी पहिल्यांदा बाळाकडं धड बघितलं. या वेळी जिलेबीही आली. ती मावशींनी स्वतःच्या पैशानं आणली होती.

गोष्ट इथं संपली असती तर बरं झालं असतं. पण जन्माचा दाखला हातात आला, तर त्यावर नाव पल्लवी. लिहिणाऱ्याला वाटलं असणार, खेड्यातल्या बाईला नीट बोलता आलं नाही, आपण सुधारून लिहू. सून म्हणाली, राहू द्या, जवळजवळ तेच आहे. मुलगाही म्हणाला, राहू दे. मावशी मात्र ऐकेनात. आयुष्यात स्वतःच्या नावासाठी एकदाही कचेरीची पायरी न चढलेली बाई नातीच्या नावासाठी तीनदा गेली. दोनदा मी सोबत होते. पहिल्यांदा साहेब जागेवर नव्हते. दुसऱ्यांदा कागद कमी पडले. तिसऱ्यांदा काम झालं. दाखल्यावर पालवी, मग आईचं नाव, मग वडिलांचं नाव आणि शेवटी आडनाव.

आईचं नाव का, असं काही जणी विचारतील. १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या बाळांसाठी आपल्या राज्यात तसा नियमच झालाय. बाळाच्या नावापुढं आधी आईचं नाव, मग वडिलांचं. सुनेनं तो दाखला दोनदा वाचून घेतला.

कागदाचं निघालंच आहे तर थोडं सांगते, तुमच्या उपयोगाचं आहे. जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करायची. नाव ठरलं नसेल तरी नोंद थांबवायची नाही. नाव मागून घालता येतं. नोंदीपासून वर्षाच्या आत घातलं तर पैसे पडत नाहीत, त्यानंतर विलंब शुल्क भरावं लागतं. लिहिताना चूक झाली तर ती दुरुस्त करायची सोय कायद्यातच आहे, त्यासाठी अर्ज आणि पुरावा द्यायचा. नाव सांगताना तोंडी सांगू नका. स्वच्छ अक्षरात मराठीत आणि इंग्रजीत कागदावर लिहून न्या. पालवीला इंग्रजीत एल एकच, पल्लवीला दोन. आत्ता तो एक एल किरकोळ वाटतो, पण दाखल्यावर एक, आधारवर दुसरं आणि शाळेत तिसरं नाव झालं की पुढं दर कामाला ती मुलगी रांगेत उभी राहते. गटाचं खातं काढताना निम्म्या बायकांच्या नावाचा घोळ मी निस्तरलाय, म्हणून कळकळीनं सांगते.

दाखला नीट झाल्यावर मावशींनी पोस्टात दोन्ही नातींच्या नावानं सुकन्या समृद्धीचं खातं काढायला मुलाला पाठवलं. मुलगी दहा वर्षांची व्हायच्या आत हे खातं काढता येतं आणि वर्षाला कमीत कमी २५० रुपये भरावे लागतात. मावशी म्हणतात, एका बोकडात दोघींचं भागतंय.

आता एक गोष्ट खरी सांगितली पाहिजे. नाव गोड ठेवलं म्हणजे सगळं झालं असं नाही. मी अशीही घरं बघितली आहेत जिथं मुलीचं नाव लक्ष्मी, आणि दूध भावाला. नाव ठेवणं एका दिवसाचं काम. त्यानंतर तिच्या चालण्याला, बोलण्याला, रंगाला आयुष्यभर नावं ठेवायची, हेही आपणच करतो. शेजारच्या त्या काकूंनाही मी दोष देत नाही. त्यांना चार मुली, त्यांनी काय काय ऐकून घेतलं असेल ते त्यांनाच ठाऊक. बारशाला त्या आल्या होत्या, पाळण्याची दोरी त्यांनीही ओढली.

मागच्या बैठकीत आम्ही मावशींना म्हटलं, तुमचंही नाव बदलू या का? राजपत्रात नाव बदलून मिळतं, आम्ही सगळं करतो. त्या बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "गटात बसून ह्याच नावाची सही शिकले मी. सहा म्हैने लागलं. आता नवं कुठं गिरवू?" सगळ्या हसल्या, त्याही हसल्या. नंतर वही मिटताना मला हळूच म्हणाल्या, "हाक मारताना तेवढं पालवीची आजी म्हणा."

आता आम्ही तसंच म्हणतो. तुमच्या घरात पाळणा हलणार असेल, तर नाव कुठलंही ठेवा, फक्त त्याचा अर्थ तुम्हाला लेकीला सांगता आला पाहिजे. मोठी झाल्यावर ती विचारणारच, माझं नाव हेच का ठेवलं? त्या दिवशी खाली बघायची वेळ येऊ नये.

बरं, येते. पुढच्या वेळी मात्र हप्त्याचं बोलायचंय. नमस्कार.