पैनगंगेच्या अलीकडचा वाचक

(आदिलाबाद येथील वाचक बैठकीतील भाषणाचा मजकूर)



मला विषय दिलाय परिवर्तनवादी प्रकाशकांचा. पुण्या-मुंबईत यावर चर्चासत्रं होतात. मी आपल्या बाजूनं बोलतो, म्हणजे ज्याला मराठी पुस्तक पाहिजे तर नांदेडची गाडी धरावी लागते, नाहीतर यवतमाळ-नागपूर गाठावं लागतं, त्या माणसाच्या बाजूनं. जैनद, बेला, तामसीकडं घरात मराठी, सोयरिकीत मराठी, भजनात मराठी. पुस्तकाचं मात्र विचारू नका.

असं का, ते आधी बघू. मराठी प्रकाशनाचा धंदा बराचसा ग्रंथालयांच्या खरेदीवर चालतो. ग्रंथालयांना अनुदान महाराष्ट्र सरकारचं, आणि ते पैनगंगेपाशी थांबतं. हैदराबादेत मराठी ग्रंथसंग्रहालय 1922 पासून आहे, पण आपल्यापासून तीनशे किलोमीटर. म्हणजे पुण्याच्या हिशोबात आपण तेलंगणाचे आणि इथल्या हिशोबात मराठी. वाचक म्हणून कुणाच्याच वहीत आपलं नाव नाही.

आता मुद्द्यावर येतो. परिवर्तनवादी प्रकाशक कोण? जहाल पुस्तक छापणारा, एवढीच ओळख सांगितली जाते. माझ्या मते ती अर्धीच आहे. ज्याला कुणी गिऱ्हाईक धरत नाही त्याला जो वाचक धरतो, आणि त्याच्यापर्यंत पुस्तक स्वतः नेऊन विकतो, तो खरा. छापण्याइतकंच विकणं महत्त्वाचं आहे.

जोतीराव फुल्यांची गोष्ट घ्या. 'शेतकऱ्याचा असूड' 1883 साली लिहून झाला. सुरुवातीची दोन प्रकरणं 'दीनबंधु'त आली. 'दीनबंधु' म्हणजे सत्यशोधकांचंच पत्र, कृष्णराव भालेकरांनी 1877 साली काढलेलं, तेव्हा नारायण मेघाजी लोखंडे चालवत होते. पुढची प्रकरणं छापायला त्यांनी नकार दिला. कोण? लोखंडे! गिरणी कामगारांची संघटना उभी करणारा माणूस. पुढचा मजकूर झेपणार नाही असं त्यांनाही वाटलं. जोतीराव चिडले, पण थांबले नाहीत. पुणे, ठाणे, जुन्नर, ओतूर, हडपसर अशा ठिकाणी त्यांनी तो वाचून दाखवला. छापखाना मिळाला नाही तर तोंडानं प्रकाशन! चळवळीतला छापखानासुद्धा कधी कच खातो, हे यातून ध्यानात ठेवा.

शंभर वर्षं पुढं या. विलास वाघ. जन्म 1939, गाव धुळ्याजवळचं मोराणे. पुण्यात, सदाशिव पेठेत, त्यांनी आणि उषाताईंनी सुगावा प्रकाशन चालवलं. सदाशिव पेठेत हं! रावसाहेब कसबे यांचं 'आंबेडकर आणि मार्क्स' 1985 साली सुगावानं काढलं. शरद पाटलांचं 'अब्राह्मणी साहित्याचे सौंदर्यशास्त्र' 1988 साली. ही काही झटपट खपणारी पुस्तकं नव्हेत. पण पुढं महाराष्ट्रात जातीवर, वर्गावर, साहित्य कुणाचं यावर जी भांडणं झाली, त्यांत ही दोन पुस्तकं हातात घेऊन लोक भांडले. भांडायला आधी पुस्तक हातात पाहिजे की नाही? वाघ सर 2021 च्या मार्चमध्ये गेले. उषाताईंचं नाव अशा ठिकाणी घाईत राहून जातं, म्हणून मुद्दाम घेतलं. प्रकाशन हा जोडप्याचा संसार असला की गठ्ठे बांधणारे हात कुणाचे, ते तुम्हाला ठाऊक आहे.

ग्रंथालीला कुणी जहाल म्हणणार नाही. पण दया पवारांचं 'बलुतं' 1978 साली त्यांनीच काढलं, लक्ष्मण मान्यांचं 'उपरा'ही त्यांचंच. तिथं सवलतीत पुस्तक घेणारे सभासद आधी जमवले होते. वाचक आधी, पुस्तक मागनं. ही युक्ती आपल्याला उपयोगी आहे, पुढं सांगतो.

लोकवाङ्मय गृहाबद्दल थोडकंच. ते कम्युनिस्टांचं प्रकाशन. रशियातून आलेली मराठी पुस्तकं त्यांनी स्वस्तात विकली. कित्येकांनी गॉर्की, टॉलस्टॉय तिथंच पहिल्यांदा पाहिले. कवी सतीश काळसेकर त्या संस्थेत वर्षानुवर्षं राबले. त्यांच्या 'वाचणाऱ्याची रोजनिशी'ला 2013 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. गोविंद पानसरेंचं 'शिवाजी कोण होता?' हे मुळात 1987 मधलं भाषण. त्याची पुस्तिका झाली, एक लाखाच्या वर प्रती गेल्या. दुकानांच्या काचेतून नव्हे, सभेच्या दारातल्या टेबलावरून. 2015 साली पानसरेंना गोळ्या घातल्या आणि त्यानंतर पुस्तिकेची मागणी आणखी वाढली.

आता आपल्याकडं. आपल्या लोकांनी मराठी पुस्तकं आणली कुठून? दीक्षाभूमीवरून. दरवर्षी धम्मचक्र प्रवर्तन दिनाला इथून गाड्या भरून माणसं नागपूरला जातात आणि येताना पिशवीत दहा-वीस रुपयांच्या पुस्तिका असतात. दीक्षाभूमीच्या रस्त्यावर ताडपत्री टाकून बसलेला तो पुस्तकवाला साहित्याच्या इतिहासात कुठं नाही. माझ्या लेखी मात्र आदिलाबादचा सगळ्यात मोठा मराठी ग्रंथविक्रेता तोच.

तक्रारीही आहेत, त्या बोलल्याच पाहिजेत. या पुस्तकांत मुद्रणाच्या चुका फार. कागद असा की दोन पावसाळ्यांत पिवळा. लेखकाला मानधन बहुतेक वेळा आभार! आणि चळवळीचं पुस्तक चळवळीतल्याच शंभर घरांत फिरत राहतं. नदी ओलांडून इकडं येऊन कुणी टेबल मांडल्याचं माझ्या तरी पाहण्यात नाही.

तेलुगू शेजाऱ्यांकडून शिकायला हरकत नाही. हैदराबाद बुक ट्रस्ट 1980 साली सुरू झाला; सी. के. नारायण रेड्डी आणि गीता रामस्वामी यांचं काम. साधं तेलुगू, कमी किंमत, आणि जगभरच्या पुस्तकांचे अनुवाद. 'रूट्स' ही अमेरिकेतल्या काळ्या गुलामांची कहाणी त्यांनीच तेलुगूत आणली. कोमरम भीमवर अल्लम राजय्या आणि साहू यांची तेलुगू कादंबरी आहे. 1940 साली जोडेघाटला भीम पडला, ती जागा आपल्या शेजारची. आपली मुलं तेलुगूही वाचतात, मराठीही. त्यांच्यातून दोन अनुवादक निघाले तर नांदेड-यवतमाळला आपण पुस्तक पाठवू. दरवेळी तिकडूनच कशाला यावं?

तर काम असं. मागच्या टेबलावर वही ठेवली आहे. महिन्याला पन्नास रुपये देणाऱ्यानं नाव आणि गाव लिहावं. चाळीस नावं झाली की पुण्याला पत्र टाकू आणि पहिला गठ्ठा मागवू. पोस्टानं महाग पडत असेल तर नांदेडहून रेल्वेनं कुणीतरी आणेल. बेल्याच्या बाजारात टेबल कोण मांडणार, तेवढं आज उठायच्या आत ठरवा. आणि हो, वहीत घरातल्या बाईचं नाव वेगळं लिहा, नवऱ्याच्या नावात घालू नका.