मागच्या तारखेचा हक्क

(घाटकोपर येथील महिलांच्या बैठकीतील भाषण)



डॉ. जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतले गंगाधरपंत अशा जगात जाऊन पोहोचतात, जिथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली आहे. भूतकाळात खरोखरच जाता आले, तर सगळ्या देशांना आधी एक करार करावा लागेल : किती मागे जायचे, आणि तिथले काय बदलायचे नाही. ऐकायला गंमत वाटते. पण हिंदू वारसा कायद्यात असा करार आहेच, आणि त्याच्या कलमांवर आपला माहेरचा हिस्सा ठरतो.

आमच्या केंद्रात दोन बहिणी आल्या. माहेर कोकणात, वडिलोपार्जित घर आणि थोडी आंब्याची कलमे. थोरलीचे लग्न मे १९९४ मधले, धाकटीचे दोन वर्षांनंतरचे. महाराष्ट्राने मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाच्या बरोबरीने जन्मापासूनचा हक्क दिला तो २२ जून १९९४ पासून, आणि त्याआधी लग्न झालेल्या मुलींना वगळून. एका आईच्या दोन मुली, एकीला भावाइतका हक्क, दुसरीला वडिलांच्या वाट्यातला तुकडा. वैशाखाऐवजी आषाढात अक्षता पडल्या असत्या तर चित्र वेगळे असते. (आषाढात लग्न लावतो कोण म्हणा!)

मग ९ सप्टेंबर २००५ ला केंद्राची दुरुस्ती आली. लग्नाची अट गेली. पण वडील २००३ मध्येच वारले होते, आणि २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणाले की त्या दिवशी वडील हयात हवेत. थोरली पुन्हा बाहेर. शेवटी ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा खटल्यात तीन न्यायमूर्तींनी सांगितले की हक्क जन्माने मिळतो, वडील तेव्हा हयात असण्याची गरज नाही. थोरली आत आली. एवढ्या वर्षांत मुलगी तीच, बाप तोच, बदलत होत्या त्या तारखा.

पण मागे जाण्यालाही हद्द आहे. २० डिसेंबर २००४ च्या आधी नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली वाटणी उघडता येत नाही. ‘तोंडी वाटणी कधीच झाली’ असे भाऊ म्हणतात, ते मात्र सहसा चालत नाही. त्याला सरकारी कागदांचा भक्कम आधार लागतो.

आणि आपली सही? वडिलांच्या वर्षश्राद्धाला भावांनी हक्कसोडपत्र तयार ठेवले होते. धाकटीने दुसऱ्या दिवशी तालुक्याला जाऊन सही केली, साडी घेतली, परत आली. थोरली मानपानावरून रुसली होती, गेलीच नाही. म्हणून जिला कायद्याने दोनदा बाहेर ठेवले तिचा हिस्सा आज शाबूत आहे, आणि जिला तो १९९४ पासून होता तिचा गेला.

“माझी सही मागे घेता येईल का?” धाकटीने विचारले. फसवणूक झाली असेल तर ती कळल्यापासून तीन वर्षांत कोर्टात जाता येते. पण तिला कुणी फसवले नव्हते. ‘माहेर तुटेल’ एवढेच म्हटले होते. यावर कोणत्या कलमाखाली दाद मागायची? तेव्हा बायांनो, असा कागद पुढे आला की त्या दिवशी सही करू नका. घरी आणा, वाचून घ्या, आम्हाला दाखवा.

थोरली म्हणते, मिळेल त्यातला निम्मा हिला देईन. भावांना अजून सांगितलेले नाही. पुढच्या महिन्यात दोघी गावी जाऊन सातबाराचे उतारे काढणार आहेत.