गिऱ्हाइकाच्या मनाची राखण

व्हान्स पॅकार्ड १९१४ साली अमेरिकेतल्या पेन्सिल्व्हेनिया राज्यात, ग्रॅनव्हिल समिट या लहानशा गावी जन्मले. घर शेतकऱ्याचं. पेन स्टेटमधून १९३६ मध्ये पदवी घेतल्यावर ते कोलंबिया विद्यापीठात पत्रकारिता शिकले, काही वर्षं बातमीदारी केली आणि १९४२ पासून ‘अमेरिकन मॅगझिन’मध्ये रमले. १९५६ मध्ये ते मासिक बंद पडलं. पॅकार्ड ‘कॉलिअर्स’मध्ये गेले, तर वर्ष सरता सरता त्याचाही गाशा गुंडाळला गेला. टेलिव्हिजन घरोघर पोचला होता आणि जाहिरातींचा पैसा त्याच्यामागे निघाला होता.

नोकरी गेलेल्या या माणसाचं ‘द हिडन पर्स्युएडर्स’ हे पुस्तक १९५७ मध्ये आलं आणि विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं.

त्यात होतं काय? तोवर जाहिरातवाले गिऱ्हाइकाला विचारत, ‘तुम्हाला काय हवं?’ आता ते मानसशास्त्रज्ञाला विचारू लागले होते, ‘याला कशाची भीती वाटते?’ व्हिएन्नाहून आलेले अर्नेस्ट डिक्टर या विद्येचे म्होरके. सुकवलेले आलुबुखार लोक का घेत नाहीत, याचा शोध घेताना त्यांच्या संस्थेला आढळलं की त्या फळाशी लोकांच्या मनात म्हातारपण आणि बद्धकोष्ठ जोडलेलं आहे. मग जाहिरातीत रंग आले, हसरी मुलं आली. फळ तेच राहिलं. घरगुती फ्रीझरचं उदाहरण मला अधिक बोलकं वाटतं. वीजबिल आणि वाया जाणारं अन्न धरलं तर त्यात बचत फारशी नव्हती. पण महायुद्धानंतरच्या अस्वस्थ दिवसांत अन्नाने भरलेली ती पेटी घराला धीर देई. विकला जात होता तो हा धीर.

पॅकार्ड यांच्या नावाशी अनेकजण भलतीच गोष्ट जोडतात. चित्रपट चालू असताना डोळ्यांना कळणारही नाही इतक्या झटक्यात पडद्यावर संदेश चमकवून पॉपकॉर्न आणि कोकाकोलाचा खप वाढवला, असा दावा जेम्स व्हिकरी यांनी १९५७ च्या सप्टेंबरात केला होता. हाती असलेली माहिती अगदीच तुटपुंजी होती, हे त्यांनीच १९६२ मध्ये कबूल केलं. पॅकार्ड यांच्या पुस्तकात अशा तंत्राचा उल्लेख ओझरता आहे. त्यांचा खरा आक्षेप दिवसाउजेडी, पगारी तज्ज्ञांकडून चाललेल्या उद्योगावर होता: माणसाच्या दुबळ्या जागा हेरून त्यांचा सौदा करण्याचा हक्क कोणी दिला? मुलांना लहानपणीच गिऱ्हाईक म्हणून घडवणं, राजकीय उमेदवार साबणासारखा विकणं, याचा त्यांना मनापासून संताप होता. तो रास्तच होता.

‘द स्टेटस सीकर्स’ १९५९ मध्ये आलं, ‘द वेस्ट मेकर्स’ १९६० मध्ये. वस्तू लवकर बिघडावी, किंवा चालत असूनही जुनाट दिसावी, अशीच ती घडवली जाते, हा दुसऱ्या पुस्तकाचा गाभा. समाजशास्त्रज्ञांनी नाकं मुरडली: हा अभ्यासक नव्हे, दुसऱ्यांच्या संशोधनावर भरमसाट विधानं करतो. टीकेत तथ्य होतं. डिक्टर मंडळींची ताकद पॅकार्ड यांनी कधी कधी त्यांच्याच शब्दावर मानली. पण विद्यापीठांत आणि कचेऱ्यांत दडलेलं हे ज्ञान ज्याच्यावर वापरलं जात होतं, त्या सामान्य वाचकापर्यंत त्यांनी ते नेलं. हे काम त्या विद्वानांपैकी किती जणांनी केलं?

गिऱ्हाइकाच्या मनात चोरून शिरण्यावरचा आपला आक्षेप त्यांनी पुढे एकूण खाजगीपणाच्या प्रश्नापर्यंत नेला. १९६४ च्या ‘द नेकेड सोसायटी’त त्यांनी पाळत, चोरून ऐकणारी यंत्रं आणि माणसांच्या वाढत्या फायली यांची झाडाझडती घेतली. सरकारी खात्यांकडची माहिती एकाच संगणकीय केंद्रात आणण्याची योजना पुढे आली, तेव्हा १९६६ मध्ये अमेरिकी प्रतिनिधीगृहाच्या समितीपुढे त्यांनी तिच्या विरोधात साक्ष दिली. माणूस चुकतो, सुधारतो, नव्याने उभा राहतो. हे यंत्राला उमगत नाही, ही त्यांची तेव्हाची मांडणी होती. ते केंद्र उभं राहिलं नाही.